रंगभूमीचा इतिहास आणि आपली दप्तरे

(एका तालुक्याच्या गावी शिक्षक, ग्रामपंचायत सदस्य आणि महसूल व पंचायत विभागांतील अधिकारी यांच्या शिबिरात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर.)



मी इतिहासाचा प्राध्यापक नाही आणि नाटककार तर मुळीच नाही. मराठी साहित्य घेऊन पदवी मिळविलेला व गेली वीस-बावीस वर्षे माहिती खात्यात नोकरी करणारा एक अधिकारी, एवढीच माझी ओळख. तरीही रंगभूमीच्या इतिहास-संशोधनासारखा विषय मी बोलावयास घेतला, याचे कारण दरवर्षी नोव्हेंबर महिन्यात मला विचारला जाणारा एक प्रश्न. ५ नोव्हेंबर हा मराठी रंगभूमी दिन. त्याच्या आधी चार-आठ दिवस शाळांतून, ग्रंथालयांतून, क्वचित एखाद्या नगरपालिकेतूनही आमच्या कार्यालयात विचारणा होते : मराठीतील पहिले नाटक कोणते? आणि मी गेली कित्येक वर्षे, फाइल न उघडता, एकच उत्तर देत आलो आहे : विष्णुदास भावे यांचे ‘सीतास्वयंवर’, सांगली, ५ नोव्हेंबर १८४३.

हे उत्तर चूक नाही. पण त्याच प्रश्नाला आणखी तीन उत्तरे देता येतात आणि तीही चूक नाहीत. तंजावरच्या शहाजी राजाचे ‘लक्ष्मीनारायण कल्याण’ हे सतराव्या शतकाच्या अखेरचे. महात्मा फुले यांचे ‘तृतीय रत्न’ १८५५ चे. आणि विनायक जनार्दन कीर्तने यांचे ‘थोरले माधवराव पेशवे’ हे छापील पुस्तकरूपाने आलेले स्वतंत्र गद्य नाटक १८६१ चे. प्रश्न एक आणि उत्तरे चार, असे का व्हावे? याचा विचार करू लागलो तेव्हा ध्यानात आले, की आपण ज्याला वाङ्मयाचा इतिहास म्हणतो तो पुष्कळ अंशी कोणता कागद राहिला आणि कोणता गेला, याचा इतिहास असतो. आणि कागद राहणे अथवा जाणे हे बहुतेक वेळा आपल्यासारख्यांच्या हाती असते.

प्रथम सांगलीकडे पाहू. १८४३ हे साल आपणांस इतक्या निश्चितपणे सांगता येते ते कशामुळे? श्रीमंत चिंतामणराव पटवर्धन हे सांगलीचे अधिपती. आदल्या वर्षी कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचा खेळ त्यांनी पाहिला आणि तशा प्रकारचे, पण अधिक नीटस असे खेळ मराठीत व्हावेत ही कामगिरी पदरच्या विष्णुपंत भाव्यांवर सोपविली. म्हणजे हे नाटक दरबारचे होते, आणि दरबारच्या गोष्टींची नोंद राहते. शिवाय खुद्द भावे दीर्घायुषी झाले. १८८५ मध्ये त्यांनी आपल्या नाट्यकवितांचा संग्रह छापला आणि आरंभीची हकीकत स्वतःच सांगितली. जन्मदात्यानेच जन्मवेळ लिहून ठेवावी असा हा प्रकार झाला. त्यामुळे पुढच्या इतिहासकारांचे काम पुष्कळ सोपे झाले.

परंतु एक गोष्ट आपण सहसा लक्षात घेत नाही. त्या संग्रहात आहेत ती पदे. सूत्रधाराने म्हणावयाची पदे तेवढी रचलेली असत. पात्रांनी बोलावयाचे गद्य ज्याने त्याने प्रसंग पाहून आपल्या बुद्धीने बोलावयाचे, अशी पद्धत होती. तेव्हा आज जे वाचावयास मिळते तो नाटकाचा सांगाडा आहे. राक्षसांनी आरडाओरड करीत रंगभूमीवर कसा प्रवेश केला, विदूषक काय बोलला, लोक कोठे हसले, हे त्या पदांत नाही.

१८५१ मध्ये चिंतामणराव निवर्तले आणि दरबारचा आश्रय सुटला. भावे आपली मंडळी घेऊन बाहेर पडले व १८५३ मध्ये मुंबईस ग्रँट रोडवरील नाटकगृहात त्यांचे खेळ झाले. आश्रय गेला ही त्यांच्या दृष्टीने आपत्तीच. पण संशोधकाच्या दृष्टीने येथून नवी साधने निर्माण होऊ लागतात. दरबारात जाहिरात लागत नाही. तिकीट लावून खेळ करावयाचा म्हटला की वर्तमानपत्रांत जाहिरात द्यावी लागते, तिकिटांचे दर सांगावे लागतात, खेळाची तारीख आणि वेळ छापावी लागते. रंगभूमी धंदा झाली म्हणून तिचा इतिहास तारीखवार लिहिता येऊ लागला, असे म्हटल्यास ती अतिशयोक्ती होणार नाही.

आता तंजावरकडे वळू. शिवछत्रपतींचे सावत्र बंधू व्यंकोजी यांनी दक्षिणेत तंजावरचे राज्य स्थापिले, हे शाळेतील मुलांसही ठाऊक असते. त्यांचे पुत्र शहाजी यांनी १६८४ ते १७१२ असे राज्य केले. हा राजा स्वतः नाटककार होता. मराठीत आणि तेलुगूतही त्याची रचना आहे. ‘पंचभाषाविलास’ नावाच्या त्याच्या नाटकात तर पाच भाषा नांदतात. पुढे प्रतापसिंह राजानेही नाटके लिहिली. दुसरे सरफोजी यांनी, म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी, ‘देवेंद्र कुरवंजी’ या मराठी नाटकात जगाचा भूगोल गुंफला. भूगोलाच्या शिक्षकांनी ही गोष्ट अवश्य ध्यानात ठेवावी; दोनशे वर्षांपूर्वी एका मराठी राजाला नृत्यनाटकातून खंडे, देश आणि नगरे शिकवावीशी वाटली.

हे सर्व वाङ्मय गेले कसे नाही? १८५५ मध्ये तंजावरची गादी खालसा झाली. राज्ये बुडाली म्हणजे दप्तरे आधी बुडतात, हा आपल्याकडील नेहमीचा अनुभव. पण सरफोजींनी वाढविलेले सरस्वती महाल ग्रंथालय टिकून राहिले आणि १९१८ मध्ये ते सर्वांसाठी खुले झाले. तेथे मराठी हस्तलिखिते हजारांच्या घरात आहेत आणि मोडी कागदपत्रांची गणती वेगळीच. भोवताली तमिळ बोलणारा प्रदेश, तरीही तेथील माणसांनी एका परक्या वाटणाऱ्या भाषेची बाडे जपून ठेवली. आपल्याकडे कित्येक वाड्यांत आपल्याच भाषेची बाडे माळ्यावरून खाली आली ती थेट रद्दीवाल्याच्या तराजूत, हे येथे आठवल्याखेरीज राहत नाही.

मग मराठी रंगभूमीचा आरंभ दीडशे वर्षांनी मागे न्यावा काय? विद्वानांत यावर वाद झाले आहेत. माझे मत विचाराल तर मी असे म्हणेन : मराठी नाट्यलेखनाचा आरंभ तंजावरास झाला हे मान्य करावे, पण भाव्यांनी तंजावरची नाटके पाहून आपले नाटक उभे केले असा पुरावा नाही, त्यांचा उगम कर्नाटकाच्या भागवतांत आहे. म्हणजे हे दोन झरे निरनिराळे. एक झरा तंजावरच्या राजवाड्यात वाहिला आणि तेथेच राहिला; दुसऱ्याची नदी झाली. आमच्या भाषणांतून मात्र ‘आद्य’ हा शब्द इतक्या मोकळ्या हाताने वाटला जातो, की असा फरक करण्यास कोणाला सवड नसते. या बाबतीत मी स्वतः पुष्कळ अपराध केले आहेत.

तिसरे उदाहरण मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. १८५५ मध्ये जोतीराव फुले यांनी ‘तृतीय रत्न’ हे नाटक लिहिले. एक कुणबी, त्याची गरोदर बायको, त्यांना ग्रहदशेची भीती घालून लुबाडणारा जोशी, मध्ये येणारा पाद्री आणि या सर्वांवर बोट ठेवणारा विदूषक अशी त्याची मांडणी आहे. अखेरीस ते जोडपे रात्रीच्या शाळेत शिकावयास जाण्याचे ठरविते. शिक्षणाचे महत्त्व सांगण्यासाठी नाटक हे साधन वापरावे, हे त्या काळी दुसऱ्या कोणास सुचले असेल तर निदान मला ते ठाऊक नाही. हे नाटक फुल्यांनी दक्षिणा प्राइज कमिटीकडे पाठविले. मराठी ग्रंथांना उत्तेजन देण्यासाठी पारितोषिके देणारी ती मंडळी होती. कमिटीत मतभेद झाले आणि नाटक परत आले. १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’त फुल्यांनी स्वतः ही हकीकत नमूद केली.

म्हणजे असे एक नाटक आहे, ही गोष्ट १८७३ पासून छापील पुस्तकात होती. पण नाटक कोठे होते? ते प्रथम छापून प्रसिद्ध झाले १९७९ मध्ये. मध्ये गेली १२४ वर्षे. या काळात आप्पाजी विष्णु कुलकर्णी यांचा ‘मराठी रंगभूमी’ हा पहिला इतिहासग्रंथ १९०३ मध्ये येऊन गेला. श्रीनिवास नारायण बनहट्टी यांचा १८४३ ते १८७९ या कालखंडाचा साक्षेपी इतिहास १९५७ मध्ये आला. पौराणिक नाटकांनंतर ऐतिहासिक, मग सामाजिक, अशी एक सोईस्कर उतरंड आमच्या पिढीने महाविद्यालयात पाठ केली. आणि ही उतरंड ज्या नाटकाने मोडली असती ते बाराखडीइतक्या साध्या भाषेत लिहिलेले नाटक हस्तलिखित स्वरूपात पडून होते. सामाजिक प्रश्नावरचे नाटक ‘सीतास्वयंवरा’नंतर अवघ्या बारा वर्षांनी लिहिले गेले होते! मी परीक्षेत लिहिलेले उत्तर, ज्याला मला चांगले गुण मिळाले होते, ते त्या कागदाने खोटे ठरविले. राजाने लिहिवलेले नाटक राहिले आणि कमिटीने परत पाठविलेले नाटक शतकभर दिसेनासे झाले, यात योगायोगाचा भाग किती आणि इतर गोष्टींचा किती, हे आपणच ठरवावे.

वाङ्मयाच्या प्रांतातही हेच आढळते. फादर स्टीफन्स यांचे ‘क्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये गोव्यात रायतूर येथे रोमन लिपीत छापले गेले. त्या पहिल्या छपाईची एकही प्रत आज उपलब्ध नाही. ग्रंथ वाचला तो भाविकांनी हाताने उतरून घेतलेल्या नकलांमुळे, आणि १९०७ मध्ये मंगळूरला तो पुन्हा छापला गेला. छापले म्हणजे टिकले, असे समजण्याचे कारण नाही. सोळाव्या-सतराव्या शतकांतील गोव्याकडील रामायण-महाभारतावरील कथांची काही बाडे तर आज पोर्तुगालमध्ये ब्रागा येथील ग्रंथालयात आहेत.

आता सरकारविषयी दोन शब्द. आपण सर्व येथे या ना त्या प्रकारे शासनाशी संबंधित आहोत, तेव्हा हे सांगणे अवश्य आहे. परकीय सरकारने आपल्या वाङ्मयाची जपणूक प्रेमाने केली असे कोणी म्हणणार नाही. पण संशयाने केलेली जपणूकही जपणूकच असते. १८६७ च्या कायद्याने प्रत्येक छापील पुस्तकाची प्रत सरकारजमा करणे मुद्रकावर बंधनकारक झाले आणि तिमाही याद्या राजपत्राबरोबर निघू लागल्या. पुस्तकाचे नाव, कर्ता, छापखाना, पृष्ठे, प्रती, किंमत, सर्व काही. आज ज्या नाटकांची एकही प्रत हाती लागत नाही अशी कित्येक नाटके होऊन गेली हे या याद्यांवरून कळते. (तो कायदा आता उरलेला नाही, २०२३ च्या नव्या कायद्याने त्याची जागा घेतली आणि त्यातून पुस्तके वगळली गेली.) सरकारचे ओरिएंटल ट्रान्स्लेटर देशी वृत्तपत्रांचे साप्ताहिक सारांश करून वरिष्ठांपुढे ठेवीत. ते एका अर्थी माझ्या खात्याचे दूरचे पूर्वज. ज्या वृत्तपत्रांच्या मूळ फाइली वाळवीने खाल्ल्या त्यांतील मजकुराचा मागोवा पुष्कळदा या सारांशांवरूनच घ्यावा लागतो.

१८७६ मध्ये नाट्यप्रयोगांवर नियंत्रण ठेवणारा कायदा झाला. केंद्राने तो २०१८ मध्ये रद्द केला. या कायद्याचा बडगा बसलेल्या नाटकांत कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचे ‘कीचकवध’ अग्रगण्य. ते १९०७ चे. कीचकात लोकांना लॉर्ड कर्झन दिसू लागला आणि १९१० मध्ये नाटकावर बंदी आली. गंमत अशी, की हे नाटक पाहून प्रेक्षकांची वृत्ती कशी होई याचे वर्णन आपणांस मिळते ते व्हॅलेंटाइन चिरोल या, आपल्या राष्ट्रीय चळवळीच्या कट्टर टीकाकाराच्या लेखणीतून. चाहत्यांनी टाळ्या दिल्या आणि घरी गेले. शत्रूने मात्र बसून लिहून काढले.

सर्वच गोरे अधिकारी या जातीचे नव्हते. एच. ए. ॲक्वर्थ हे मुंबईचे म्युनिसिपल कमिशनर, ज्यांच्या नावाचे कुष्ठरुग्णालय मुंबईत प्रसिद्ध आहे. त्यांनी शंकर तुकाराम शाळिग्राम यांच्या साहाय्याने गोंधळ्यांच्या तोंडचे पोवाडे उतरून घेतले आणि १८९१ मध्ये ते पुस्तकरूपाने प्रसिद्ध केले. नगराची गटारे आणि पाणीपुरवठा पाहणाऱ्या माणसाला यासाठी वेळ मिळाला, ही नोंद मी येथील अधिकारी मित्रांसाठी मुद्दाम करीत आहे. आपल्या बाजूने इतिहासाचार्य राजवाडे गावोगाव पायपीट करून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ गोळा करीत होते. शंकर गणेश दाते यांनी १८०० ते १९५० या काळातील मराठी ग्रंथांची सूची दोन खंडांत सिद्ध केली. सूची हा ग्रंथ वाचण्यासाठी कोणी घेत नाही. पण ती नसती तर पुढच्या अर्ध्या संशोधकांना कोठून सुरुवात करावी हे कळले नसते.

हे झाले कागद असलेल्या रंगभूमीविषयी. जिचा कागदच नाही तिचे काय? सिंधुदुर्गातील आणि गोव्यातील दशावतारात संवाद लिहिलेले नसतात. आख्यान ठरते आणि बाकी सारे नटाच्या जिभेवर. अशा नाट्याचा पुरावा शोधावयाचा तर देवस्थानच्या जमाखर्चाच्या वह्या पाहाव्या लागतात. जत्रेस आलेल्या मंडळीस शिधा किती दिला, बिदागी किती दिली, कोणत्या गावची मंडळी होती. पूर्व विदर्भात झाडीपट्टीची रंगभूमी आजही जोमात आहे. दंडार, खडीगंमत यांच्या परंपरेवर उभ्या राहिलेल्या या रंगभूमीची नाटके दिवाळीनंतर सुरू होतात ती होळीपर्यंत चालतात, शंकरपट आणि मंडईच्या निमित्ताने गावेच्या गावे रात्रभर नाटक पाहतात आणि वडशाला मंडळ्यांच्या कार्यालयांत गावोगावचे आयोजक येऊन तारखा ठरवितात. परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा पुण्या-मुंबईच्या पुष्कळांनी या रंगभूमीचे नाव प्रथमच ऐकले. सत्यशोधक जलसे आणि त्यानंतरचे आंबेडकरी जलसे यांचीही तीच गत. भीमराव कर्डक यांनी १९७८ मध्ये आपल्या आठवणी पुस्तकरूपाने दिल्या नसत्या तर जलशांविषयी आपण आज ऐकीव गोष्टींवरच बोलत राहिलो असतो.

आता एक कबुली देतो. ती दिल्यावाचून या विषयावर बोलण्याचा मला अधिकार पोचत नाही.

नोकरीच्या पहिल्या वर्षांत मी एका जिल्ह्याच्या ठिकाणी होतो. कार्यालयाचे नाव सांगत नाही. तसे ते कोठलेही असू शकेल. वार्षिक तपासणी तोंडावर होती आणि अभिलेख कक्षात पाऊल ठेवण्यास जागा नव्हती. निंदणीकरणाची मोहीम निघाली. अ, ब, क, ड अशा वर्गवारीप्रमाणे मुदत संपलेल्या गठ्ठ्यांच्या याद्या झाल्या, त्यांवर आवश्यक त्या सह्या झाल्या आणि गठ्ठे गेले. सर्व काही नियमाप्रमाणे. तपासणीत कौतुकही झाले.

दोनेक वर्षांनी एक सेवानिवृत्त शिक्षक कार्यालयात आले. वय सत्तरीचे, पायांत वहाणा, हातात कापडी पिशवी. त्या शहराच्या माळावर पूर्वी फिरत्या नाटक कंपन्यांचे तंबू पडत, त्यांचा इतिहास ते लिहीत होते. म्हातारी माणसे सालांचा घोळ करतात, तेव्हा तंबू उभारण्यासाठी कंपन्यांनी केलेले जुने अर्ज आणि परवाने पाहावयास मिळतील काय, असे त्यांनी विचारले. मी उत्साहाने अभिलेखपालास बोलाविले. त्याने नष्ट केलेल्या गठ्ठ्यांची यादी आणून माझ्यापुढे ठेवली. ‘नाटक, तमाशा, सर्कस परवाने – गठ्ठे ११.’ वर्ग क. खाली तयार करणाऱ्याची सही माझीच होती.

गुरुजी रागावले नाहीत. त्यांनी एवढेच विचारले, “साहेब, ही यादी तरी उतरून घेऊ का?” आणि पिशवीतून वही काढून त्यांनी त्या एका ओळीची नक्कल केली, जावक क्रमांकासह. पुढे त्यांचा लेख एका दिवाळी अंकात आला. त्यात कंपन्यांची नावे आहेत, गाजलेल्या नाटकांची नावे आहेत, तंबूला आग लागल्याची हकीकत आहे. सालाच्या जागी मात्र बहुतेक ठिकाणी ‘सुमारास’ हा शब्द आहे. तो शब्द माझा आहे.

नियम चुकीचे आहेत असे मला म्हणावयाचे नाही. सर्वच कागद ठेवावयाचे म्हटले तर माणसांना बसावयास जागा उरणार नाही. परंतु मुदत संपली म्हणजे मूल्य संपले असे होत नाही. २००५ च्या महाराष्ट्र सार्वजनिक अभिलेख अधिनियमातही जतनाचा विचार आहे. गठ्ठा बांधून बाहेर काढण्यापूर्वी पुराभिलेख खात्यास विचारणे अशक्य नाही. एक विशेष गोष्ट महसूल विभागातील मित्रांच्या नजरेस आणतो. १९२३ पासून चालत आलेली करमणूक शुल्काची वसुली वस्तू व सेवा कराबरोबर १ जुलै २०१७ रोजी मागे पडली. त्या शाखांच्या नोंदवह्यांचे कामकाज त्यामुळे बंद झाले. बंद पडलेल्या शाखेची दप्तरे सर्वांत आधी अडगळीत जातात, हे मी आपणांस सांगावयास नको. त्या वह्यांत कोणत्या गावी, कोणत्या रात्री, कोणाचा खेळ झाला आणि किती तिकिटे खपली, हे असू शकते. अलीकडे दाखल्यांच्या निमित्ताने जुनी कोतवाल बुके आणि मोडी नोंदी पुन्हा उघडल्या गेल्या. तेच कपाट, तेच जाणकार आणि तोच प्रकाश. शेजारच्या गठ्ठ्यावर एक नजर टाकण्यास फार वेळ लागत नाही.

शिक्षकांसाठी एक गमतीची गोष्ट सांगतो. जुन्या नाटकांच्या हस्तपत्रकांवर वार असतो, तारीख असते, महिना असतो. साल बहुधा नसते. पत्रक चार दिवसांनी निरुपयोगी व्हावयाचे, मग साल कशाला? समजा, ‘शनिवार ता. ८ नोव्हेंबर’ असे एक पत्रक मिळाले. १९१० ते १९३५ या काळात ८ नोव्हेंबरला शनिवार फक्त चार वेळा आला : १९१३, १९१९, १९२४ आणि १९३०. पत्रकावर नाटक ‘एकच प्याला’ असेल, तर ते १९१९ मध्ये प्रथम रंगभूमीवर आले, म्हणून १९१३ बाद. राहिली तीन साले. पत्रकात तिथी असेल तर जुन्या पंचांगावरून उलगडा होतो. नसेल तर कंपनीचे नाव, नटांची नावे, छापखान्याचे नाव यांवरून. सातवी-आठवीच्या मुलांना हे गणित घालून पाहा. इतिहासाच्या तासाला इतकी शांतता मी क्वचित पाहिली आहे.

पंचायत सदस्यांना माझी विनंती वेगळी आहे. गावच्या नाट्यमंडळाची वही, गणेशोत्सवाचा जमाखर्च, प्रॉम्प्टरच्या हातची प्रत, नटांनी उतरून घेतलेल्या नकला, पडद्यांच्या रंगाऱ्याची पावती, असे काही कोणाच्या घरी असेल तर ते पंचायतीत आणून जमा करा असा आग्रह धरू नका. घरचे कागद घरी राहू द्यावेत. मालकाच्या समक्ष भ्रमणध्वनीवर पानापानाचे छायाचित्र घ्यावे, शेजारी मोजपट्टी ठेवावी, कागद कोणाकडचा आणि कधी पाहिला हे लिहून ठेवावे. फाटक्या पानांना चिकटपट्टी लावू नये. लॅमिनेशन तर चुकूनही करू नये. तो कागद पुन्हा सोडविता येत नाही. सुती बासनात बांधून भिंतीपासून दूर ठेवला तरी पुष्कळ झाले. आणि म्हाताऱ्या माणसांशी बोलताना प्रथम गोष्ट ऐकावी, साल मागाहून विचारावे. गोष्टीत लग्न, दुष्काळ, पूर, निवडणूक असे काही येतेच. त्यावरून साल काढता येते.

सकाळी चहाच्या वेळी येथील मुख्याध्यापकांनी मला सांगितले, की शाळेच्या जुन्या इमारतीत गावच्या नाट्यमंडळाचे एक लोखंडी कपाट आहे आणि त्याची किल्ली हरवून पंधरा वर्षे झाली. आत काय आहे हे कोणास ठाऊक नाही. कदाचित दाढ्यामिशा आणि कागदाचे मुकुट असतील, कदाचित उंदरांनी काही ठेवलेही नसेल. सरपंचांनी कुलूप उघडणाऱ्यास उद्या साडेआठला बोलाविले आहे. माझी गाडी दहाला आहे, तेव्हा मी तेथे असेन. ज्यांना यावयाचे असेल त्यांनी यावे. येताना एक टॉर्च आणि नाकाला बांधण्यास रुमाल आणावा.